डिस्चार्ज कार्डावरचा 'एस २५'

देवगडात हापूस उतरवताना कोणी झाडावरून पडला आणि छातीतली रक्तवाहिनी दुखावली, तर त्याच्या डिस्चार्ज कार्डावर निदानाशेजारी 'एस २५.५' असे काही लिहिलेले असू शकते. २५ टक्के इजा, असा त्याचा अर्थ लावला जातो. तो बरोबर नाही.

हा निदान-संकेतांक (आजाराला किंवा इजेला दिलेला ठरावीक क्रमांक) आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत 'एस २०' ते 'एस २९' हे क्रमांक छातीच्या इजांसाठी आहेत. त्यांतला 'एस २५' रक्तवाहिन्यांचा. टिंबानंतरचा अंक वाहिनी सांगतो: ० म्हणजे छातीतली महाधमनी (हृदयातून निघणारी मुख्य रक्तवाहिनी), ५ म्हणजे बरगड्यांमधल्या वाहिन्या. कारणाची नोंद वेगळी. झाडावरून पडण्यासाठी 'डब्ल्यू १४'.

सातबाऱ्यावरचा गट नंबर जमीन कोणती ते सांगतो, कलमांना आंबा किती लागला ते नाही. संकेतांकाचेही तसेच. अंक मोठा म्हणून इजा मोठी, असे नसते. उलट ० क्रमांकाची महाधमनीची इजा बहुधा जिवावरची असते. गांभीर्य ठरते ते सीटी स्कॅन, रक्तदाब आणि रक्तस्राव पाहून. संकेतांक लागतो तो नोंदी, आकडेवारी आणि विम्याच्या दाव्यासाठी.