निळ्या प्लेटेवरचे डाग कुठून येतात?

ज्यांना हा भाग ऐकायला जमला नाही, त्यांच्यासाठी हे त्याचं लिखित रूप. बोलताना मधे मधे आलेले 'अं' आणि 'म्हणजे कसं' तेवढे काढलेत, बाकी जवळजवळ तसंच आहे.

मे महिन्यात मी मंद्रूपला घरी गेलो होतो. आमच्या आप्पांनी, म्हणजे माझ्या चुलत्यांनी, २०१६ साली घराच्या स्लॅबवर सोलर बसवलंय. २५० वॅटच्या आठ प्लेटा, एकूण दोन किलोवॅट. आमच्याकडे पॅनेलला प्लेटच म्हणतात, त्यामुळे मीही तेच म्हणणार. तर मी गेलो त्या दिवशी भर दुपारी एक एजंट आला होता. त्यानं आप्पांना स्लॅबवर नेलं आणि दोन गोष्टी दाखवल्या.

पहिली, प्लेटेवरचे डाग. कुठे फिकट निळं, कुठे गडद, कुठे करडी झाक. "हे बघा आप्पा, आतून बुरशी धरली."

दुसरी, इनव्हर्टरचा आकडा. ऊन रणरणत होतं आणि स्क्रीनवर होतं १५२० वॅट. "दोन हजाराच्या प्लेटा, पंधराशे देतायत. पाव भाग मेला की! काढा ह्या, काळ्या बसवा. साठ हजारात करून देतो, जुन्या भंगारात मीच घेतो."

आप्पा मला म्हणाले, "तू इंजिनेर हैस, तूच सांग बाबा." आता मी सॉफ्टवेअरवाला. बीटेकला सेमीकंडक्टरचा एक पेपर होता, तो पास होण्यापुरता वाचलेला. पण ते साठ हजार आप्पांनी पोरीच्या हॉस्टेलसाठी ठेवलेले होते. त्यामुळे एजंटाला "दोन दिवसांनी या" सांगितलं आणि ही निळी प्लेट बनते कशी, ते मुळापासून वाचायला बसलो. दोन्ही प्रश्नांची उत्तरं तिथंच सापडली.

गारगोटीपासून सुरुवात

सोलर सेल वाळूपासून बनतो असं आपण ऐकतो. थोडं दुरुस्त करू. बहुतेक वेळा क्वार्ट्झचा दगड वापरतात, म्हणजे आपली गारगोटी. लहानपणी काळ्या रानातून वेचून, अंधारात एकमेकींवर घासून उजेड पाडायचो ना, तीच जात. फक्त कारखान्याला ती खूप शुद्ध लागते.

गारगोटी म्हणजे सिलिकॉन आणि ऑक्सिजन यांची पक्की जोडी. ती तोडायला विजेच्या भट्टीत तिच्याबरोबर कोळसा किंवा कोक आणि लाकडाचे तुकडे घालतात. भट्टीत दोन हजार अंशांच्या आसपास तापमान जातं. कार्बन ऑक्सिजनला ओढून घेतो आणि वायू होऊन निघून जातो. खाली उरतं वितळलेलं सिलिकॉन. एका किलोला साधारण ११ ते १३ युनिट वीज लागते.

हे सिलिकॉन ९८-९९ टक्के शुद्ध असतं. ऐकायला भारी वाटतं, पण सोलर सेलला ते चालत नाही. त्याला किमान ९९.९९९९ टक्के लागतं, आणि प्रत्यक्षात त्याहूनही बरंच शुद्ध वापरतात. कारण लोखंडासारख्या धातूचे मोजके अणूसुद्धा आत राहिले, तरी उन्हानं तयार झालेली वीज ते जागच्या जागी गिळतात.

आता घन पदार्थ इतका गाळायचा कसा? युक्ती अशी की आधी त्याचं पातळ रूप करायचं. सिलिकॉनची पूड करून तीनशे अंशांच्या आसपास हायड्रोजन क्लोराईड वायूत सोडतात. त्यातून ट्रायक्लोरोसिलेन नावाचा द्रव मिळतो. तो जेमतेम ३२ अंशांना उकळतो, म्हणजे आपल्या मे महिन्यात उघडा ठेवला तर सावलीतच उकळेल. उकळून थंड करा, पुन्हा उकळा, असं करत घाण मागे टाकता येते. मग एका बंद भांड्यात सिलिकॉनच्या बारीक कांड्या विजेनं अकराशे अंशांच्या आसपास तापवतात आणि हा वायू हायड्रोजनबरोबर त्यांच्यावरून सोडतात. कांडीवर शुद्ध सिलिकॉनचा थर चढत जातो. कांडी मनगटापेक्षा जाड व्हायला काही दिवस लागतात. याला सीमेन्स पद्धत म्हणतात. या जाड कांड्या फोडून जे खडे होतात, त्यांना पॉलिसिलिकॉन म्हणतात.

इथे एक गफलत होते, ती आधीच सांगून टाकतो. निळी असो की काळी, पारंपरिक सिलिकॉन प्लेटेचा कच्चा माल हेच खडे. फरक पडतो पुढच्या पायरीवर.

तूप कसं गोठतं, आठवा

हे खडे मुशीत घालून वितळवायचे. सिलिकॉन १४१४ अंशांना वितळतं. त्यात चिमूटभर बोरॉन मिसळतात, साधारण पन्नास लाख अणूंमागे एखादा. मग प्रश्न येतो, गोठवायचं कसं?

काळ्या, म्हणजे मोनो प्लेटेसाठी वितळलेल्या सिलिकॉनला वरून एक छोटा स्फटिक टेकवतात आणि फिरवत फिरवत हळूहळू वर ओढतात. अख्खा लांबलचक दंडगोल एकच स्फटिक होऊन बाहेर येतो. खडीसाखरेचा एकच अवाढव्य खडा समजा.

निळ्या, म्हणजे पॉलिक्रिस्टलाइन प्लेटेसाठी ओढाओढ नाही. चौकोनी मुशीत सगळा रस तसाच ठेवतात आणि खालून थंड करत आणतात. मुशीला आतून सिलिकॉन नायट्राइडचा लेप असतो, नाहीतर ढेप चिकटून तडकेल. आता आजीनं कढवलेलं तूप आठवा. सावकाश निवलं की कसा छान रवा धरतं! इथेही तसंच. तळाशी एकाच वेळी असंख्य ठिकाणी गोठायला सुरुवात होते, आणि प्रत्येक ठिकाणाहून एकेक स्फटिक खांबासारखा वर वाढतो. शेवटी मिळते ती कित्येक शे किलोची ढेप, आणि तिच्यात शेजारी शेजारी उभे असलेले हजारो स्फटिक.

यात एक फुकटचा फायदाही आहे. बाटलीत सरबत गोठवलं तर आधी गोठणारा बर्फ फिका असतो आणि गोडी उरलेल्या पाण्यात जमते. तशीच इथली बरीचशी घाण शेवटपर्यंत पातळ भागात राहते आणि ढेपेच्या वरच्या थरात साठते. तो थर, तळ आणि मुशीला लागलेल्या कडा कापून टाकायच्या. राहिलेल्या ढेपेच्या चौकोनी विटा पाडायच्या.

मग त्या विटा बारीक तारेच्या जाळ्यावर कापतात, पावाच्या स्लाइससारख्या. एक चकती, म्हणजे वेफर, साधारण ०.१८ मिलिमीटर जाडीचा. दोन केस एकावर एक ठेवा, तेवढा. तारेच्या जाडीइतकं सिलिकॉन प्रत्येक कापात भुसा होऊन जातं. जुन्या पद्धतीत विटेचा जवळजवळ चाळीस टक्के भाग असाच वाया जायचा.

उभे खांब आडवे कापल्यावर चकतीवर काय दिसणार? त्या खांबांची तोंडं. प्रत्येक स्फटिकाची दिशा वेगळी, त्यामुळे उजेड परतवण्याची तऱ्हा वेगळी, म्हणून एक फिकट तर शेजारचा गडद. आप्पांच्या प्लेटेवरची 'बुरशी' ती हीच. ती नऊ वर्षांत आलेली नाही. ढेप गोठली त्याच दिवशी ती पडलेली आहे.

चकतीचा सेल होतो

पुढच्या पायऱ्या झटपट बघू. चकती आधी आम्लात बुडवतात. कापताना दुखावलेला थर निघतो आणि पृष्ठभाग खडबडीत होतो, म्हणजे ऊन कमी परावर्तित होतं. मग साडेआठशे अंशांच्या आसपासच्या भट्टीत फॉस्फरसची वाफ देतात. वरच्या अगदी पातळ थरात फॉस्फरस शिरतो. खाली बोरॉनवालं सिलिकॉन, वर फॉस्फरसवालं. या दोघांच्या सीमेवर एक विद्युत क्षेत्र तयार होतं, आणि सोलर सेलचा जीव तिथेच आहे. ऊन पडलं की इलेक्ट्रॉन सुटतात आणि हे क्षेत्र त्यांना एका बाजूला ढकलतं.

मग कडांना आणि वर लागलेला नको तो थर काढून सिलिकॉन नायट्राइडचा लेप देतात, मिलिमीटरच्या दहा हजाराव्या भागापेक्षाही पातळ. सिलिकॉन मुळात करडं असतं, निळा रंग या लेपाचा. शेवटी पुढे चांदीच्या आणि मागे ॲल्युमिनियमच्या पेस्टची छपाई करतात, लग्नपत्रिकेच्या स्क्रीन प्रिंटिंगसारखीच. छापून काही सेकंद आठशे अंशांच्या आसपास भाजतात. झाला सेल. एका सेलचा दाब जेमतेम अर्धा-पाऊण व्होल्ट, म्हणून प्लेटेत साठ सेल एकामागे एक जोडतात आणि काचेखाली प्लास्टिकच्या पारदर्शक थरात बंद करतात.

मग पॉली मागे का पडली?

दोन स्फटिक जिथे भेटतात तिथे अणूंची मांडणी बिघडलेली असते. तिथे काही इलेक्ट्रॉन अडकून वाया जातात. त्यामुळे पॉली मोनोपेक्षा एक-दोन टक्के मागे. पूर्वी मोनो महाग होती म्हणून पॉली खपायची. मग हिऱ्याचे कण लावलेल्या तारेनं मोनोच्या चकत्या झपाट्यानं स्वस्त झाल्या. गंमत म्हणजे तीच तार पॉलीला लवकर मानवली नाही, कारण ती इतकी गुळगुळीत कापते की नेहमीचं आम्ल पॉलीच्या पृष्ठभागाला नीट खडबडीत करेना. काच, फ्रेम, मजुरी हा खर्च तर जागेवर ठरतो, मग कमी जागेत जास्त वीज देणारी मोनो का नको? २०१८-१९ च्या आसपास जगाच्या बाजारात मोनोनं पॉलीला मागे टाकलं.

म्हणजे आज नवीन घेताना मोनो घ्यावी, हे खरंच. पण चालू असलेली पॉली काढून टाकावी, हे त्यातून सिद्ध होत नाही.

१५२० चा हिशेब

आता दुसरा आरोप. प्लेटेवर छापलेले २५० वॅट हे सेल २५ अंशांवर असतानाचे. सोलापूरच्या मेमध्ये हवाच ४२-४३ अंश असते, उन्हातला सेल सहज ६५ वर जातो. प्रत्येक वाढीव अंशाला साधारण ०.४ टक्के घट. चाळीस अंश वाढले, म्हणजे १६ टक्के गेले. दोन हजाराचे झाले १६८०. वयामुळे वर्षाला अर्धा-पाऊण टक्का जातो, नऊ वर्षांचे सहा टक्के धरा. राहिले १५८०. इनव्हर्टर स्वतः चारेक टक्के खातो. राहिले साधारण १५१५.

स्क्रीनवर होते १५२०. धूळ तर मी अजून धरलीच नव्हती!

खात्री म्हणून इनव्हर्टरच्या ॲपमध्ये जानेवारीच्या दुपारचे आकडे काढले. १६४० पर्यंत गेले होते. बिघडलेली प्लेट थंडीत बरी होत नाही. म्हणजे ती उन्हानं दमलेली होती, मेलेली नव्हती.

काळी प्लेटसुद्धा उन्हात दमते, एवढं एजंटानं सांगितलं नाही. थोडी कमी दमते, पण दमते.

मग खरी भीती कशाची?

आयआयटी मुंबईत २०१० पासून सौर विजेवरचं एक राष्ट्रीय केंद्र आहे. तिथल्या लोकांनी २०१३ पासून देशभर फिरून जुन्या प्लेटा अनेकदा तपासल्या. त्यात दिसलं की उष्ण भागातल्या प्लेटा थंड भागातल्यांपेक्षा लवकर झिजतात, आणि छपरावरच्या छोट्या जोडण्या मोठ्या प्रकल्पांपेक्षा जास्त बिघडलेल्या असतात. यात हाताळणीचा वाटा मोठा. दोन केसांच्या जाडीची चकती आहे हो ती! काच फुटत नाही, पण आतला सेल चिरतो आणि बाहेरून दिसतही नाही.

म्हणून प्लेटेवर पाय देऊ नका, वाळवणाचे पापड-कुरडया टाकायला तर नाहीच नाही. तापलेल्या काचेवर दुपारी गार पाणी मारू नका, सकाळी लवकर धुवा. आणि खरे दोष ओळखा. सेलमधला प्लास्टिकचा थर पिवळा-तपकिरी पडणं, कडेनं फुगे येणं, मागच्या बाजूला भाजल्यासारखा ठिपका, चांदीच्या रेघांवर गोगलगाय फिरल्यासारख्या रेषा. यातलं काही दिसलं तर जाणकाराला बोलवा. स्वतः वायर काढायला जाऊ नका, साठ सेलांच्या आठ प्लेटा जोडल्या की दिवसा अडीचशे-तीनशे व्होल्ट डीसी असतो.

आम्ही दुसऱ्या दिवशी सकाळी सातला प्लेटा धुतल्या आणि तिसऱ्या प्लेटेवर चार वाजता सावली टाकणारी लिंबाची फांदी छाटली. एजंट ठरल्याप्रमाणे आला. आप्पांनी त्याला चहा दिला आणि म्हणाले, "बुरशी नव्हं ती, रवा हाय रवा. तुपागत." तो काही बोलला नाही.

साठ हजार हॉस्टेलला गेले. प्लेटा स्लॅबवर आहेत. तुमच्याही घरी निळ्या प्लेटा असतील तर या आठवड्यात एकदा जवळून बघा, आणि आकडा घेताना सेल किती तापलाय तेही धरा. भेटू पुढच्या भागात!