बेकाराला वेळच वेळ? मारियनथालचा दाखला

व्हिएन्नाजवळच्या मारियनथाल या वस्तीतली कापड गिरणी १९२९-३० मध्ये बंद पडली आणि तिच्यावर जगणारं जवळपास सगळं गाव घरी बसलं. १९३१-३२ मध्ये मारी याहोडा, पॉल लाझार्सफेल्ड आणि हान्स त्सायझल यांच्या गटाने तिथल्या ४७८ कुटुंबांचं रोजचं जगणं बारकाईने टिपलं. दोन महायुद्धांमधल्या युरोपात सामान्य माणूस कसा जगत होता, हे शोधणाऱ्याला या नोंदी टाळता येत नाहीत. बेकारीबद्दलच्या बऱ्याच समजुती त्यात खोट्या ठरतात.

गैरसमज: काम नसलं की वाचायला सवड मिळते.
वस्तुस्थिती: वाचनालयाने शुल्क माफ करूनही १९२९ ते १९३१ या काळात पुस्तकं नेण्याचं प्रमाण जवळपास निम्म्यावर आलं. समाजवाद्यांचं ‘आर्बायटर त्साइटुंग’ बेकारांना सवलतीत मिळे, तरी त्याचे वर्गणीदार झपाट्याने गळाले.

गैरसमज: पोटाला चिमटा बसला की माणूस पेटून उठतो.
वस्तुस्थिती: इथे उलट घडलं. पक्ष आणि मंडळांमधली वर्दळ ओसरली. बहुतेक घरांनी गरजा आणि अपेक्षा दोन्ही आवरत्या घेऊन दिवस ढकलले.

गैरसमज: हातात पैसा नसलेला माणूस फक्त पोटाचाच विचार करतो.
वस्तुस्थिती: बटाटे पिकवता आले असते अशा वाफ्यांत काहींनी फुलझाडं लावली होती. स्वतःची आबाळ सोसूनही मुलांना नीटनेटकं ठेवायची आईबापांची धडपड चालूच होती.

गैरसमज: बेकारीची झळ बाईला आणि पुरुषाला सारखीच.
वस्तुस्थिती: अभ्यासकांनी खिडकीआडून रस्त्यावरच्या लोकांची चाल पाहिली. बहुतेक पुरुष थोड्याशा अंतरात दोन-दोनदा थांबत, बाया मात्र झपझप निघून जात. पुरुषांच्या अंगावर घड्याळ क्वचितच दिसे. दिवसभरात काय केलं ते लिहून द्यायला सांगितलं, तर त्यांना दोन-तीन गोष्टींपलीकडे काही आठवत नसे. बायांची मजुरी गेली, पण चूल, धुणं आणि कपड्यांना ठिगळं लावणं कुठे सुटलं होतं? इतकं असूनही अनेकींना गिरणीत परतायचं होतं, आणि तेही केवळ पगारासाठी नव्हे.

गैरसमज: अभ्यासक वही घेऊन लांबून पाहत होते.
वस्तुस्थिती: गावाच्या उपयोगी पडल्याशिवाय तिथे राहायचं नाही, असा त्यांचा नियम होता. त्यांनी जुने कपडे वाटले, मोफत वैद्यकीय तपासणी ठेवली, शिवणाचे वर्ग घेतले. कुणाला कोणता कपडा हवा, हे विचारायला घरोघर गेले की बोलणं आपोआप सुरू होई.

अहवाल १९३३ मध्ये जर्मनीत छापला, तेव्हा लेखक ज्यू असल्याने मुखपृष्ठावर त्यांची नावं घातली नाहीत. पुढे ब्रिटनमध्ये राहून याहोडा यांनी याच अनुभवावर आपला सिद्धान्त उभा केला: नोकरी पगाराबरोबर दिवसाला आखणी देते, घराबाहेरच्या माणसांशी संबंध जोडते आणि समाजात स्थान देते. बेकारभत्त्याने यातलं एकच भरून निघतं, तेही अर्धमुर्धं.