प्लेटमागचा योगी

बेसबॉलमध्ये क्षेत्ररक्षण करणारे नऊ जण. त्यांतल्या आठांची तोंडं फलंदाजाकडे असतात. नववा कॅचर. तोंडावर जाळी, छातीवर चिलखत, पायांना पॅड अशा थाटात तो फलंदाजाच्या मागे उकिडवा बसतो आणि सगळं मैदान एकट्या त्यालाच समोरून दिसतं. आपल्याला चटकन यष्टिरक्षक आठवतो, पण पुढचा चेंडू कोणता टाकायचा हे यष्टिरक्षक काही दर वेळी गोलंदाजाला सांगत नाही. कॅचर सांगतो. मांड्यांच्या आड हात धरून बोटांच्या खुणा करायच्या : एक बोट म्हणजे वेगवान चेंडू, दोन म्हणजे वळणारा. अलीकडे हे काम बटणांच्या यंत्रावर होऊ लागलंय, पण डोकं कॅचरचंच. निवृत्तीनंतर इतके कॅचर प्रशिक्षक का होतात, याचं उत्तर बहुधा या बैठकीतच आहे.

योगी बेराचं उदाहरण मला यासाठी सर्वांत बोलकं वाटतं. सेंट लुईसच्या ‘द हिल’ या इटालियन वस्तीत 1925 साली जन्मलेला हा लॉरेन्स बेरा आठवीनंतर शाळेत गेला नाही. भारतावरच्या एका चित्रपटात मांडी घालून बसलेला योगी पाहून मित्राने त्याला हे नाव ठेवलं, ते कायमचं चिकटलं. दुसऱ्या महायुद्धात तो नौदलात होता. नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर सैन्य उतरलं तेव्हा हा एका छोट्या रॉकेट बोटीवर होता. 1946 मध्ये तो न्यूयॉर्क यांकीजकडून खेळू लागला. उंची जेमतेम पाच फूट सात इंच, बांधा गोलमटोल. वर्तमानपत्रांनी त्याला विदूषकच ठरवून टाकलं.

फलंदाजी मात्र उपजत होती. 1950 च्या अख्ख्या हंगामात तो फक्त 12 वेळा ‘स्ट्राइकआउट’, म्हणजे तीन स्ट्राइकमध्ये बाद, झाला. घोडं अडत होतं ते प्लेटमागे, म्हणजे कॅचरच्या जागी. पुढच्या बेसवर पळू पाहणाऱ्या धावकाला टिपायचं, तर चेंडू हातात येताच उठून जवळपास 39 मीटर दूरच्या दुसऱ्या बेसवर फेकावा लागतो. पकडण्यापासून पोचण्यापर्यंत सगळे मिळून दोनेक सेकंद. 1947 च्या वर्ल्ड सिरीजमध्ये, म्हणजे विजेतेपदाच्या अंतिम मालिकेत, ब्रुकलिन डॉजर्सच्या धावकांनी बेराला अक्षरशः लुटलं.

1949 मध्ये संघाचे व्यवस्थापक, म्हणजे मुख्य प्रशिक्षक, केसी स्टेंगल यांनी बिल डिकी यांना प्रशिक्षक म्हणून आणलं. हे यांकीजचे आधीच्या पिढीतले थोर कॅचर. फलंदाजाच्या आणखी जवळ सरकून बस, फेकताना पाऊल असं टाक, अमक्या फलंदाजाला तमका चेंडू का, हे सगळं डिकींनी पुन्हा पुन्हा घोटून घेतलं. 1957 ते 1959 या काळात त्याच बेराने कॅचर म्हणून सलग 148 सामने एकही चूक न करता काढले. पुढे 1972 मध्ये संघाने दोघांचाही 8 हा क्रमांक एकदमच निवृत्त केला.

बेराच्या डोक्याची खरी परीक्षा 8 ऑक्टोबर 1956 रोजी झाली. वर्ल्ड सिरीजचा पाचवा सामना, समोर पुन्हा डॉजर्स. यांकीजच्या डॉन लार्सन या पिचरला (गोलंदाजाला) तीनच दिवसांपूर्वी दुसऱ्या डावातच मैदानाबाहेर काढावं लागलं होतं. आज मात्र एकामागून एक 27 फलंदाज आले आणि एकही पहिल्या बेसवर पोचला नाही. वर्ल्ड सिरीजच्या इतिहासात असा निर्दोष सामना आजवर हा एकच. टाकले 97 चेंडू, आणि बेराची एकही खूण लार्सनने नाकारली नाही. शेवटचा फलंदाज बाद होताच बेरा धावत जाऊन त्याच्या अंगावर लहान पोरासारखा चढला. ते छायाचित्र प्रसिद्ध आहे. श्रेय अर्थात लार्सनच्या नावावर. खेळाडू म्हणून दहा वर्ल्ड सिरीज जिंकणारा बेरा हा एकटाच.

प्रशिक्षकपदाची कहाणी एवढी सुखाची नाही. 1964 मध्ये तो यांकीजचा व्यवस्थापक झाला, म्हणजे कालच्या सवंगड्यांचा साहेब! सलग पराभवांनंतर बसमध्ये फिल लिंझ हार्मोनिका वाजवत बसला आणि बेराचा तोल सुटला. त्यानंतर संघ जिंकू लागला, लीगही जिंकला. पण वर्ल्ड सिरीज सातव्या सामन्यात सेंट लुईसने नेली. दुसऱ्याच दिवशी बेराला नारळ मिळाला आणि त्याच्या जागी आला तो त्याला हरवणाऱ्या संघाचाच व्यवस्थापक. याला व्यवहार म्हणायचं की कोडगेपणा, वाचकांनी ठरवावं.

1973 मध्ये त्याने न्यूयॉर्कच्याच दुसऱ्या संघाला, मेट्सला, ऑगस्टअखेरच्या तळाच्या जागेवरून वर्ल्ड सिरीजपर्यंत नेलं; दोन वर्षांनी तिथूनही गच्छंती. पुढे तो पुन्हा यांकीजचा व्यवस्थापक झाला, पण 1985 मध्ये मालक जॉर्ज स्टाइनब्रेनर यांनी हंगामातल्या अवघ्या 16 सामन्यांनंतर त्याला काढलं, तेही दुसऱ्याकरवी निरोप धाडून. मुलगा डेल त्याच संघात होता. बेराने त्यानंतर चौदा वर्षं यांकी स्टेडियमची पायरी चढली नाही. अखेर 1999 मध्ये स्टाइनब्रेनर यांनी स्वतः येऊन माफी मागितली.

त्याच वर्षी 18 जुलैला स्टेडियममध्ये ‘योगी बेरा दिन’ झाला. लार्सनने समारंभाचा चेंडू टाकला आणि बेराने तो झेलला, कॅचर जो जिरार्डीचा ग्लोव्ह मागून घेऊन. मग जिरार्डी तोच ग्लोव्ह घालून प्लेटमागे बसला, आणि यांकीजच्या डेव्हिड कोनने त्या दिवशी माँट्रियलविरुद्ध निर्दोष सामना टाकला. संघाचे व्यवस्थापक होते जो टोरी : तेही मूळचे कॅचर, 1975 मध्ये मेट्सकडून बेराच्या हाताखाली खेळलेले. टोरींनंतर ती खुर्ची जिरार्डीकडे आली आणि 2009 ची वर्ल्ड सिरीज यांकीजने त्याच्या हाताखाली जिंकली.