थेट खेळप्रक्षेपणातील बॉटच्या आज्ञा : एक भाषिक विवेचन

व्हिडिओ गेम खेळत असतानाच तो हजारो लोकांना दाखवावयाचा, आणि त्या लोकांनी त्याच वेळी बाजूच्या चौकटीत लिहून त्यावर बोलत राहावयाचे, हा प्रकार आता सर्वपरिचित झाला आहे. २००७ साली सुरू झालेल्या जस्टिन डॉट टीव्ही या संकेतस्थळातून २०११ मध्ये ट्विच हे मुख्यतः खेळांसाठीचे व्यासपीठ वेगळे निघाले आणि २०१४ मध्ये ते ॲमेझॉनने विकत घेतले. खेळ दाखविणाऱ्यास तेथे स्ट्रीमर म्हणतात. त्याची अडचण उघड आहे. दोन्ही हात खेळात गुंतलेले, डोळे शत्रूवर, तोंडाने प्रेक्षकांशी बोलणे चाललेले, आणि चॅटमधील ओळी मात्र वाचण्यापूर्वीच वर सरकून जात आहेत. खेळ केव्हा सुरू झाला, खेळाचे नाव काय, हे प्रश्न प्रत्येक नवागत नव्याने विचारतो. मध्येच कोणी जाहिरातीचा दुवा टाकतो, कोणी शिवी हासडतो. या गर्दीचा कारभार ज्याच्या आधाराने चालतो तो बॉट, आणि तो ज्या शब्दांनी चालवावयाचा त्या बॉटच्या आज्ञा. या आज्ञांकडे एक तांत्रिक सोय म्हणून पाहिले जाते. परंतु आज्ञार्थ म्हणजे काय, आणि आज्ञेस बळ कोठून येते, या जुन्या प्रश्नांचे एक नवे व स्वच्छ उदाहरण त्यांत सापडते. आणि हे बळ कोठून येते याचा विचार न करता आज्ञा रचल्या तर ऐन वेळी कारभार कोलमडतो.

बॉट म्हणजे चॅटमध्ये इतरांसारख्याच नावाने वावरणारा, पण मागे मनुष्य नसलेला एक सभासद. नाइटबॉट, मूबॉट, स्ट्रीमएलिमेंट्स ही त्यांतील परिचित नावे होत. तो प्रत्येक ओळ वाचतो. ओळीचे पहिले अक्षर उद्गारचिन्ह असेल तर त्यापुढील शब्द, पहिल्या रिकाम्या जागेपर्यंत, आपल्या कोष्टकात शोधतो. शब्द सापडला तर लिहिणाऱ्यास तो वापरण्याचा अधिकार आहे काय हे पाहतो. तीच आज्ञा क्षणापूर्वी कोणी दिली होती काय हेही पाहतो, कारण एकाच उत्तराचा भडिमार होऊ नये म्हणून दोन प्रयोगांत काही सेकंदांचे अंतर सक्तीचे ठेवता येते. एवढे झाल्यावरच तो उत्तर देतो. '!अपटाइम' असे लिहिले की प्रक्षेपण किती वेळ चालू आहे ते कळते; '!कमांड्स' लिहिले की आज्ञांची यादी मिळते. (प्रत्यक्षात या आज्ञा रोमन लिपीत टंकित केल्या जातात.) नवी आज्ञा रचावयाची तीही आज्ञेनेच. नाइटबॉटमध्ये '!कमांड्स ॲड' एवढे लिहून पुढे नव्या आज्ञेचे नाव व तिचे ठरीव उत्तर लिहिले की ती कोष्टकात जाते. म्हणजे या लहानशा भाषेत स्वतःचा शब्दसंग्रह वाढविण्याचे साधन भाषेतच अंतर्भूत आहे.

येथे दोन चिन्हांतील भेद ध्यानी घेणे अगत्याचे आहे. ट्विचवर काही आज्ञा उद्गारचिन्हाने सुरू होतात, तर काही तिरप्या रेघेने. '/टाइमआउट' या शब्दापुढे एखाद्याचे नाव लिहिले की त्या व्यक्तीस, वेगळी मुदत सांगितली नसेल तर, ६०० सेकंद चॅटमध्ये लिहिता येत नाही. '/बॅन' लिहिले की कायमचेच. ही रेघ फार जुनी आहे. फिनलंडमधील औलू येथे यार्को ओइकारिनेन यांनी १९८८ मध्ये इंटरनेट रिले चॅट ही गप्पांची पद्धत निर्माण केली. तीत रेघेने सुरू होणारी ओळ ही संभाषणाचा भाग नसून यंत्रणेस दिलेली सूचना मानली जाई. ट्विचचे चॅट त्याच पद्धतीच्या पायावर उभारलेले असल्याने ही रूढीही तिच्याबरोबर आली. बॉटदेखील त्या जुन्या गप्पांतूनच आला. एगड्रॉप हा प्रसिद्ध बॉट १९९३ मधला. एके काळी ट्विचवरील बॉट माणसांप्रमाणेच चॅटमध्ये रेघेच्या आज्ञा लिहून लोकांना गप्प करीत असत. २०२३ च्या फेब्रुवारीत तो मार्ग बंद झाला व त्यांच्यासाठी वेगळी यंत्रभाषा सक्तीची झाली.

रेघेची आज्ञा चॅटमध्ये उमटत नाही. ती कारभाऱ्याच्या कानात सांगितल्यासारखी असते. उद्गारचिन्हाची आज्ञा मात्र सर्वांच्या देखत लिहिली जाते, आणि तिचे श्रोते दोन असतात : एक यंत्र आणि दुसरी गर्दी. या दुहेरी श्रोतृत्वातच तिचे खरे सामर्थ्य आहे. एकाने '!अपटाइम' लिहिले की शंभरांना उत्तर मिळते, शिवाय असे विचारता येते हेही कळते. व्याकरणाचे पुस्तक न उघडता, केवळ ऐकून मूल भाषा शिकते तसाच नवागत या आज्ञा शिकतो. मॉडरेटर म्हणजे चॅटची राखण करणारा साहाय्यक. तो जेव्हा '!परमिट' लिहून एखाद्यास अल्प मुदतीपुरती दुवा टाकण्याची मोकळीक देतो, तेव्हा बॉटला दिलेला हुकूम हाच गर्दीस दिलेला इशाराही ठरतो, की येथे विनापरवाना दुवे चालत नाहीत.

आता या आज्ञांच्या रूपाकडे पाहावे. 'अपटाइम' हे नाम आहे, 'कमांड्स' हे नाम आहे. त्यांत आज्ञार्थाचा प्रत्यय नाही, क्रियापदही नाही. मराठीत 'जा', 'जावे', 'जावा' यांतील बळाचे कमीजास्तपण क्रियापदाच्या रूपावरून कळते. मीमांसकांनी तर विधीची प्रेरकता लिङ् प्रत्ययातच मानली आणि वेदास कोणी वक्ता नसतानाही तो आज्ञा कशी करू शकतो या कूटाची उकल तेथेच शोधली. बॉटच्या आज्ञेत हे सारे उलटे आहे. प्रत्ययाचे काम एक विरामचिन्ह करते, आणि तेही वाक्याच्या शेवटी नव्हे तर आरंभी. वक्ता मात्र सर्वस्व आहे. तोच शब्द तसाच लिहिला तरी लिहिणारा कोण यावर त्याची सिद्धी अवलंबून असते. मालक, मॉडरेटर, वर्गणीदार, नेहमीचे प्रेक्षक आणि सर्वसाधारण जन अशा पायऱ्या बॉटमध्ये असतात, आणि प्रत्येक आज्ञा कोणत्या पायरीपासून वर चालेल हे आधी ठरवावे लागते. जे. एल. ऑस्टिन यांनी १९५५ च्या हार्वर्ड येथील व्याख्यानांत (ती १९६२ मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर, ग्रंथरूपाने आली) दाखविले की, काही उक्ती खऱ्या किंवा खोट्या नसतात. योग्य व्यक्तीने योग्य प्रसंगी उच्चारल्या तर त्या सफल होतात, एरवी फसतात. अनधिकारी प्रेक्षकाने '!परमिट' लिहिले तर बॉट त्याचे खंडन करीत नाही. तो केवळ गप्प राहतो.

याचे सुरेख उदाहरण मृत्यूच्या गणतीत दिसते. कठीण खेळांत नायक पुनःपुन्हा मरतो, आणि तो किती वेळा मेला हे मोजणे ही प्रेक्षकांची हौस असते. त्यासाठी '!डेथ' सारखी आज्ञा रचतात. ती लिहिली की आकडा एकाने वाढतो व बॉट नवा आकडा जाहीर करतो. वरकरणी हे वृत्तकथन वाटते, पण ते घडविणे आहे. खेळात मृत्यू झाला की नाही हे बॉटला ठाऊक नसते. आज्ञा लिहिली गेली म्हणून एक मृत्यू अधिक झाला. म्हणूनच ही आज्ञा सर्वांना खुली ठेवणाऱ्या स्ट्रीमरचा नायक घटकाभरात शेकडो वेळा मेलेला दिसतो. त्यात आणखी एक गुंता असा की, चित्र प्रेक्षकांपर्यंत काही सेकंद उशिरा पोचते. प्रेक्षक 'आता' म्हणतो तेव्हा स्ट्रीमरचा 'आता' पुढे निघून गेलेला असतो. दोन मॉडरेटरांनी एकाच मृत्यूची नोंद दोनदा करणे यामुळे सहज घडते. येथे वर सांगितलेले सक्तीचे अंतर उपयोगी पडते.

अधिकाराच्या पायऱ्या मुळीच नसतील तर काय होते हेही एकदा जगाने पाहिले. १२ फेब्रुवारी २०१४ रोजी ट्विचवर पोकेमॉन रेड हा खेळ सर्व प्रेक्षकांच्या हाती देण्यात आला. चॅटमध्ये लिहिलेला 'वर', 'खाली', 'डावे' असा प्रत्येक शब्द थेट खेळास लागू होई. दहा लाखांहून अधिक लोकांनी भाग घेतला. नायक जागच्या जागी गरगरत राही. पुढे मताधिक्याने चाल ठरविण्याची पद्धतही आणली गेली, आणि सोळा दिवसांनी, १ मार्च रोजी खेळ पुरा झाला. गंमत म्हणून तो प्रयोग थोर होता. कारभाराचा नमुना म्हणून कोणी तो घेतला नाही.

२०२१ च्या उन्हाळ्यात व ऑगस्टमध्ये मात्र प्रसंग गमतीचा नव्हता. कृष्णवर्णीय व समलैंगिक स्ट्रीमरांच्या चॅटमध्ये शेकडो बनावट खाती एकाएकी घुसून तीच ती द्वेषपूर्ण ओळ लिहू लागली. निषेधार्थ १ सप्टेंबर २०२१ रोजी अनेकांनी ट्विचवर प्रक्षेपण बंद ठेवले. अशा हल्ल्यात एकेकाचे नाव टंकित करून त्यास घालविणे अशक्य असते. नाव लिहून होईतो आणखी वीस आलेले असतात. तेव्हा लोकांनी आपापल्या बॉटमध्ये एकच आज्ञा अशी रचली की, ती लिहिताच चॅट पुसले जावे, केवळ अनुयायांनाच लिहिता यावे, वेग मंदावावा. नोव्हेंबर २०२२ मध्ये ट्विचने शील्ड मोड या नावाने हीच सोय स्वतः दिली व तिच्यासाठी '/शील्ड' ही आज्ञा ठेवली. आज्ञा लहान का असावी आणि ती स्ट्रीमरखेरीज आणखी एकदोघांना का देऊन ठेवावी, याचे उत्तर या प्रसंगात आहे. ज्याच्यावर हल्ला होतो त्याचे हात बहुधा त्या क्षणी लिहिण्यास मोकळे नसतात, आणि मनही थाऱ्यावर नसते.

बॉटचे दुसरे काम आज्ञेवाचून चालते : निषिद्ध शब्दांची यादी द्यावी, तो शब्द दिसताच ओळ पुसली जाते. इंग्रजीसाठी ही युक्ती बऱ्यापैकी चालते. मराठी चॅटमध्ये ती अडखळते, आणि याचे कारण मराठीच्या रूपविचारात आहे. 'गाढव' हा शब्द यादीत घातला तर 'गाढवा', 'गाढवाला', 'गाढवांनो' ही रूपे मोकळी सुटतात. शब्दयोगी अव्यये जोडून होणाऱ्या रूपांची तर मोजदाद नाही. त्यातून बहुसंख्य लोक मराठी रोमन लिपीत लिहितात, तेथे दीर्घ 'आ' एका अक्षराने लिहावा की दोन, याचा नियम नाही. उपाय म्हणून शब्दाच्या मुळापुढे तारांकित चिन्ह घालून 'यापुढे काहीही' असे बॉटला सांगता येते. पण हा उपाय डोळे मिटून करू नये. 'मर' ही शापवाणी थांबविण्यासाठी कोणी 'मर' पुढे तारा घातला, तर 'मर्यादा' पुसली जाईल, आणि 'मराठी' हा शब्दही. उलट 'मेलास' हा शब्द घरात ऐकू आला तर भांडण समजावे, पण खेळाच्या चॅटमध्ये तो निव्वळ वृत्तान्त असतो आणि दर पाच मिनिटांनी येतो. तेव्हा आधी काही दिवस बॉटला पुसण्याचा अधिकार न देता चॅट नुसते टिपून ठेवावे, त्यातून शब्दांची प्रत्यक्ष आलेली रूपे गोळा करावीत, आणि यादी त्यांवरून बांधावी. इंग्रजी यादी उतरवून घेण्यापेक्षा याला वेळ अधिक लागतो. एका सत्रातील दोघा-तिघा विद्यार्थ्यांना मात्र तो प्रकल्प म्हणून सहज पेलेल.