तीन डुकरं आणि एक ठेका

डिस्नेच्या ‘थ्री लिटल पिग्ज’मध्ये लांडगा दाराबाहेर जीव खाऊन फुंकर मारतो आहे आणि आत तिसरा भाऊ विटांचाच पियानो बडवतो आहे. भिंतीवर वडिलांची तसबीर टांगलेली, तीत नुसती सॉसेजची माळ! इतकं भीषण काही इतक्या सहज मांडलेलं मी दुसऱ्या कुठल्या बालचित्रपटात पाहिलेलं नाही.

मे 1933 मध्ये आलेली ही जेमतेम साडेआठ मिनिटांची फिल्म ‘सिली सिम्फनीज’ मालिकेतली. 1929 साली ‘द स्केलेटन डान्स’ने सुरू झालेल्या या मालिकेत चित्रं संगीताच्या मापाने काढली जात. पडद्यावर सेकंदाला 24 फ्रेम सरकतात. ठोका 12 फ्रेमचा धरला, तर मिनिटाला 120 ठोके बसतात. हा हिशेब आधीच कागदावर मांडलेला असल्यामुळे लांडग्याचा पाय कितव्या फ्रेमला जमिनीवर टेकणार, हे चित्रकाराला पेन्सिल उचलतानाच ठाऊक असे. दिग्दर्शक बर्ट गिलेट, संगीत फ्रँक चर्चिलचं. त्याचं लांडग्याला न भिण्याचं गाणं मंदीने पिचलेल्या अमेरिकेने डोक्यावर घेतलं.

गोष्ट मात्र जुनीच. जोसेफ जेकब्सच्या 1890 च्या इंग्रजी संग्रहात लांडगा पहिल्या दोघा भावांना खाऊन टाकतो. इथे ते पळून पुढच्या घरात शिरतात. हा बदल मला योग्यच वाटतो, कारण तिघं शेवटपर्यंत एकत्र राहिले म्हणूनच त्यांचे स्वभाव शेजारी शेजारी दिसतात. तिघांची अंगलट सारखीच. फरक दिसतो तो हालचालीत: दोघं नाचत-बागडत घर उरकतात, तिसरा खालमानेने विटा रचत राहतो. ॲनिमेटर फ्रेड मूरच्या हाताची ही करामत. ॲनिमेशनमध्ये खरा अभिनय इथून सुरू झाला, असं मी मानतो.

एक डाग मात्र आहे. मूळ फिल्ममध्ये लांडगा ज्यू फेरीवाल्याचं सोंग घेऊन येतो, नकली नाक-दाढीसकट. ते चित्रण अपमानकारक होतं आणि स्टुडिओने पुढे ते बदललं.

फिल्मला ऑस्कर मिळालं. लोकांनी आणखी डुकरं मागितली, म्हणून 1934, 1936 आणि 1939 मध्ये पुढचे भाग निघाले. पहिल्याची सर एकालाही आली नाही. चालीतून स्वभाव दाखवण्याची मूरची ती रीत खरी फळाला आली 1937 च्या ‘स्नो व्हाइट’मध्ये. तिथल्या सात बुटक्यांचं काम सांभाळणाऱ्यांत तोही होता.