डेट्रॉईटची तेरावी जागा

आज जरा लांब जाऊ या, थेट अमेरिकेत. 'बेळगावचा मराठी माणूस अमेरिकेत खासदार झाला' ही बातमी २०२२ साली आपल्या पेपरांत आली होती. श्री ठाणेदार त्यांचं नाव. १९५५ साली चिकोडीत जन्म, बेळगावात लहानपण, १९७९ साली शिकायला अमेरिकेत गेले, रसायनशास्त्रात डॉक्टरेट घेतली, कंपन्या काढल्या, श्रीमंत झाले. बातमी इथं संपली. पण आम्हाला प्रश्न पडला की त्यांना मत देणारे लोक कोण? आणि त्यांच्या आधी त्या खुर्चीवर कोण बसत होतं? म्हणून आजचा विषय ठाणेदारांचा नाही, त्या जागेचा आहे.

आधी दोन गोष्टी समजून घेऊ. अमेरिकेत संसदेलाच काँग्रेस म्हणतात, आपल्याकडच्या पक्षाशी त्याचा संबंध नाही. तिच्या दोन सभागृहांपैकी लोकसभेसारखं जे आहे त्यात ४३५ जागा, आणि निवडणूक दर दोन वर्षांनी. दुसरं म्हणजे मतदारसंघाला आपल्यासारखं गावाचं नाव नसतं, नंबर असतो. आपण ज्याबद्दल बोलतोय तो मिशिगन राज्याचा तेरावा मतदारसंघ, म्हणजे डेट्रॉईट शहराचा मोठा भाग आणि लगतची छोटी शहरं. नंबर तोच राहतो, पण दर दहा वर्षांनी शिरगणती झाली की रेघा नव्यानं ओढतात. आज तेराव्यात असलेलं घर उद्या बाराव्यात जाऊ शकतं. ग्रामपंचायतीचे वॉर्ड बदलतात तेव्हा आपल्या गल्लीचं काय होतं ते आठवा, म्हणजे हे पटकन कळेल.

डेट्रॉईट म्हणजे मोटारींचं गाव. शेजारच्या हायलंड पार्कमध्ये १९१३ साली फोर्डच्या कारखान्यात सरकत्या पट्ट्यावर गाड्या जोडायला सुरुवात झाली आणि जगभरातले कामगार तिथं लोटले. पोलंडहून आले, अरब देशांतून आले, आणि मोठ्या संख्येनं आले ते अमेरिकेच्या दक्षिणेकडचे कृष्णवर्णीय लोक. तिकडे कापसाच्या शेतात राबायचं, कर्जात बुडायचं, मत द्यायला गेलं तर मार खायचा. इकडे निदान पगार होता. १९५० साली डेट्रॉईटमध्ये साडेअठरा लाख माणसं राहत होती आणि त्यात शंभरातली १६ कृष्णवर्णीय होती.

पगार मिळाला, पण घर मिळेना. अमुक वस्तीत कृष्णवर्णीयाला घर विकायचं नाही असं खरेदीखतातच लिहिलेलं असायचं. घरकर्जाला सरकारची हमी हवी तर आसपास कृष्णवर्णीय वस्ती नको, अशी अट. १९४१ साली एका बिल्डरनं त्यावर उपाय काढला. आपली नवी घरं आणि शेजारची कृष्णवर्णीय वस्ती यांच्यामध्ये त्यानं सहा फूट उंच आणि साधारण अर्धा मैल लांब भिंतच बांधली, आणि त्याला हमी मिळाली. ती भिंत आजही उभी आहे, आता तिच्यावर रंगीत चित्रं काढलेली आहेत.

जिथं राहता येत होतं अशी एक जुनी वस्ती म्हणजे ब्लॅक बॉटम. नाव ऐकून वाटतं, माणसांच्या रंगावरून पडलं असेल. तसं नाही. पूर्वीच्या फ्रेंच शेतकऱ्यांनी तिथल्या काळ्या कसदार मातीवरून ते ठेवलं होतं. आपण काळी रान म्हणतो ना, तसंच. तिथं दुकानं होती, दवाखाने होते, गाण्याबजावण्याचे अड्डे होते. १९५० आणि ६० च्या दशकांत ही वस्ती पाडली आणि तिच्यावरून मोठा हमरस्ता नेला. भाड्यानं राहणाऱ्यांना फारसं काही मिळालं नाही. रस्त्यासाठी कोणाची घरं जातात आणि कोणाची वाचतात, हे आपल्याला वेगळं सांगायला नको.

मग मत कामाला आलं. एका ठिकाणी कोंबून ठेवलेल्या लोकांची मतंही एका ठिकाणी जमली होती. १९५४ साली या तेराव्या जागेवरून चार्ल्स डिग्ज निवडून आले, मिशिगनचे पहिले कृष्णवर्णीय खासदार. त्यांच्या घरचा धंदा अंत्यसंस्काराचा. पुढच्याच वर्षी मिसिसिपी राज्यात एमेट टिल नावाच्या १४ वर्षांच्या कृष्णवर्णीय मुलाला गोऱ्यांनी मारून नदीत टाकलं. खटला उभा राहिला तेव्हा डिग्ज डेट्रॉईटहून तिथं जाऊन कोर्टात बसले. खासदार असूनही त्यांना कृष्णवर्णीयांसाठी वेगळ्या ठेवलेल्या टेबलाशीच जागा मिळाली. पंचांमध्ये सगळे गोरे पुरुष होते, त्या राज्यात बायकांना पंच म्हणून बसायलाच बंदी होती. आरोपी सुटले. पण मिसिसिपीच्या कृष्णवर्णीयांना ज्या काळात स्वतःचं मतसुद्धा धड देता येत नव्हतं, त्या काळात त्यांच्यासाठी दुसऱ्या राज्याचा एक खासदार येऊन बसला होता. जागेची किंमत काय असते, याचं हे आम्हाला सापडलेलं सगळ्यात चांगलं उदाहरण. (हेच डिग्ज पुढे कर्मचाऱ्यांच्या पगारातून पैसे घेतल्याबद्दल दोषी ठरले आणि १९८० साली त्यांना जागा सोडावी लागली. हेही सांगायलाच हवं.)

दुसरं उदाहरण शेजारच्या मतदारसंघातलं. १९६४ साली जॉन कॉन्यर्स नावाचे तरुण वकील उभे राहिले. त्यांच्या प्रचारात एक शिवणकाम करणारी बाई होती, रोझा पार्क्स. बसमधली जागा गोऱ्यासाठी सोडायला नकार देणाऱ्या त्याच. त्या घटनेनंतर त्यांना नोकरी मिळेना, धमक्या येत होत्या, म्हणून १९५७ साली नवऱ्याबरोबर त्या डेट्रॉईटला आल्या होत्या. मार्टिन ल्यूथर किंग सहसा कोणा उमेदवाराच्या प्रचाराला जात नसत. पार्क्सबाईंनी त्यांचं मन वळवून त्यांना कॉन्यर्ससाठी डेट्रॉईटला आणलं. कॉन्यर्स अगदी थोड्या मतांनी निवडून आले. मग त्यांनी बाईंना आपल्या डेट्रॉईटच्या कार्यालयात नोकरी दिली आणि १९६५ पासून १९८८ पर्यंत त्या तिथं होत्या. काम काय? कोणाला घर नाही, कोणाची पेन्शन अडली, कोणाला नोकरी हवी, त्यांचं ऐकून घ्यायचं आणि पाठपुरावा करायचा. तहसील कचेरीत आपल्यातल्या कितीतरी जणी करतात तेच काम.

कॉन्यर्स ५० वर्षांहून जास्त काळ खासदार राहिले आणि रेघा सरकत सरकत २०१३ पासून तेरावी जागाच त्यांच्याकडे आली. त्याआधी या नंबरावरून बार्बरा रोझ कॉलिन्स आणि कॅरोलिन चीक्स किलपॅट्रिक या दोन बायका निवडून गेल्या होत्या, आणि मधली दोन वर्षं हॅन्सन क्लार्क, ज्यांचे वडील आजच्या बांगलादेशातून आलेले. २०१७ च्या डिसेंबरात कॉन्यर्स यांनी राजीनामा दिला. त्यांच्या कार्यालयात काम केलेल्या बायकांनी लैंगिक छळाचे आरोप केले होते. त्यांनी ते नाकारले.

आता येतो तो भाग, जो आम्ही दोनदा वाचला. तिथं पक्षाचं तिकीट नेता देत नाही, मतदार देतात. आधी पक्षांतर्गत निवडणूक, मग खरी निवडणूक. पण डेट्रॉईट डेमोक्रॅटिक पक्षाचं इतकं पक्कं आहे की ऑगस्टमध्ये पक्षात जिंकलं की नोव्हेंबर नावापुरता उरतो. ऑगस्ट २०१८ मध्ये एकाच दिवशी, त्याच मतदारांसमोर दोन मतदानं होती. एक कॉन्यर्स यांच्या उरलेल्या थोड्या दिवसांसाठी, दुसरं पुढच्या पूर्ण दोन वर्षांसाठी. थोड्या दिवसांच्या जागेला चार उमेदवार होते आणि तिथं ब्रेंडा जोन्स जिंकल्या. पूर्ण मुदतीच्या जागेला सहा उमेदवार होते आणि तिथं साधारण ९०० मतांनी रशिदा तलैब जिंकल्या. दोघींची नावं दोन्हीकडे होती. फरक इतकाच की दुसऱ्या यादीत आणखी दोन नावं होती आणि मतं फुटली. जोन्स पाच आठवडे खासदार राहिल्या. तलैब, पॅलेस्टिनी आईबापांची लेक, पुढे संसदेतल्या पहिल्या दोन मुस्लिम बायकांपैकी एक ठरल्या. २०२० साली दोघी समोरासमोर आल्या तेव्हा तलैब मोठ्या फरकानं जिंकल्या, म्हणजे त्यांना पाठिंबा नव्हता असं मुळीच नाही. पण २०१८ चा निकाल यादीच्या लांबीनं ठरवला.

तोवर रेघांचंही पाणी डोक्यावरून गेलं होतं. मिशिगनमध्ये सत्तेवरचा पक्षच मतदारसंघ आखायचा. २०११ साली रिपब्लिकन पक्षानं आखले तेव्हा विरोधकांची मतं थोड्याच मतदारसंघांत ठासून भरली. एक मतदारसंघ तर डेट्रॉईटपासून पाँटियाकपर्यंत सापासारखा वळत गेला होता. २०१६ साली केटी फेही या २७ वर्षांच्या तरुणीनं फेसबुकवर लिहिलं की मला याविरुद्ध काही करायचंय, कोणी येतंय का? लोक आले. पगारी माणूस न लावता चार लाखांहून जास्त सह्या जमल्या आणि २०१८ च्या मतदानात नवा नियम मंजूर झाला. आता रेघा तेरा सामान्य नागरिक ओढतात, चिठ्ठ्या टाकून निवडलेले. ४ एका पक्षाचे, ४ दुसऱ्याचे, ५ कोणाचेच नाहीत.

हे ऐकून बरं वाटतं. आम्हालाही वाटलं. पण पुढे बघा. या तेरा जणांनी मतं ठासून भरायची नाहीत असं ठरवलं आणि डेट्रॉईट लगतच्या उपनगरांबरोबर वाटून टाकलं. २०१० साली ज्या शहरात शंभरातली ८३ माणसं कृष्णवर्णीय होती, त्या शहराच्या दोन्ही मतदारसंघांत ती आता अर्ध्याहून कमी झाली. डेट्रॉईटच्या लोकांनी सुनावणीत उभं राहून विरोध केला. एका बाजूचं म्हणणं असं की एकाच जागी दाटीवाटी केली तर बाकीच्या दहा जागांवर आमचा आवाज राहत नाही. दुसऱ्या बाजूचं म्हणणं असं की पसरवलं तर आमची म्हणावी अशी एकही जागा राहत नाही. दोन्ही खरं आहे. आपल्याकडे एखादी वस्ती दोन वॉर्डांत तोडली तर हीच अडचण येते, आणि यावर कोणालाच न दुखावणारी रेघ आम्हाला तरी दिसत नाही. राज्य विधिमंडळाच्या डेट्रॉईट भागातल्या १३ मतदारसंघांचा नकाशा पुढे केंद्रीय न्यायालयानं घटनाबाह्य ठरवला, कारण तो वंशाकडे बघून आखला होता. संसदेच्या जागांना तो निकाल लागू नव्हता.

तलैब बाराव्या मतदारसंघात गेल्या आणि तेरावी जागा २०२२ साली मोकळी झाली. पक्षात नऊ उमेदवार उभे राहिले, त्यात बहुतेक कृष्णवर्णीय. मतं फुटू नयेत म्हणून काही कृष्णवर्णीय नेत्यांनी समिती करून ॲडम हॉलियर यांचं एकच नाव पुढे केलं, पण बाकीचे मागे हटले नाहीत. श्री ठाणेदार आधी राज्यपालपदाची निवडणूक हरले होते, मग राज्य विधिमंडळात डेट्रॉईटचे आमदार झाले होते. यावेळी त्यांनी स्वतःच्या खिशातले लाखो डॉलर प्रचारात घातले. त्यांना शंभरातली २८ मतं पडली, हॉलियर यांना २३ च्या वर. ठाणेदार जिंकले. १९५५ पासून पहिल्यांदाच डेट्रॉईटचा एकही कृष्णवर्णीय खासदार संसदेत उरला नाही. आपल्या पेपरांत आली ती बातमी आणि डेट्रॉईटच्या कृष्णवर्णीय वस्त्यांत पोचली ती बातमी, निकाल एकच होता.

यात ठाणेदारांनी नियम मोडला असं काही नाही. नऊ जणांत २८ मतं मिळवणारा जिंकतो, असाच तिथला नियम आहे. आपल्याकडेही तोच आहे. २०२४ साली हॉलियर पुन्हा उभे राहायला निघाले, पण अर्जाला मतदारांच्या १००० वैध सह्या लागतात आणि त्यांच्या तेवढ्या भरल्या नाहीत, म्हणून मतपत्रिकेवर त्यांचं नावच आलं नाही. ठाणेदार अर्ध्याहून जास्त मतं घेऊन पुन्हा उमेदवार झाले आणि निवडूनही आले.

आजचा तेरावा मतदारसंघ फिरून बघायचा तर हॅमट्रॅमकपासून सुरुवात करावी. एकेकाळी पोलिश लोकांचं हे छोटं शहर, आता बांगलादेशी आणि येमेनी कुटुंबांचं. २०२२ साली तिथली सगळी नगरपरिषद मुस्लिम होती. शेजारी हायलंड पार्क, जिथं फोर्डचा पट्टा सुरू झाला होता. २०११ साली थकलेल्या बिलापायी वीज कंपनीनं तिथले हजाराहून जास्त रस्त्यावरचे दिवे खांबांसकट काढून नेले. खाली दक्षिणेला टेलर, लिंकन पार्क ही गोऱ्या कामगारांची गावं. आणि मध्ये डेट्रॉईट, जिथं २०१४ साली पाणीपट्टी थकली म्हणून हजारो घरांचे नळ तोडले गेले. नळ तोडल्यावर घरात सगळ्यात आधी कोणाचे हाल होतात ते तुम्हाला माहीत आहे.

माणसं निघून जात राहिली तशा जागाही गेल्या. साठ-सत्तरच्या दशकांत मिशिगनला १९ खासदार होते, आता १३ आहेत. एका जागेमागे साधारण पावणेआठ लाख माणसं. २०२० च्या शिरगणतीत डेट्रॉईटची माणसं ६ लाख ३९ हजार मोजली गेली. आमची मोजणी कमी झाली, असं म्हणत शहरानं त्यावर भांडण मांडलं. २०२३ साली, १९५७ नंतर पहिल्यांदा, शहराची लोकसंख्या घटायची थांबून थोडी वाढली, दोन हजारांच्या आत. पुढची शिरगणती २०३० साली आहे, आणि त्यानंतर पुन्हा तेरा माणसांच्या चिठ्ठ्या निघतील.