नको ते द्या, हवं ते न्या

2015 च्या हिवाळ्यात इराणमधल्या मशहद शहरात कुणीतरी भिंतीला खुंट्या ठोकल्या आणि नको असलेले गरम कपडे तिथे टांगायला सांगितलं. पुढे ती कल्पना कोल्हापुरात आली, ‘माणुसकीची भिंत’ म्हणून रुजली. इथे तिचा हंगाम दिवाळीचा, घराघरांतली कपाटं उपसली जातात तेव्हाचा.

देणाऱ्याचं काम पाच मिनिटांचं. पिशवी ठेवली, गाडीला किक मारली. पुढचं सगळं टेबलामागे बसणाऱ्यांच्या गळ्यात. कॉलर उलटून बघा, चेन वर-खाली करा, इलॅस्टिक ताणून बघा. साडीतच तिचा परकर-ब्लाउज गुंडाळायचा. बुटांच्या नाड्या एकमेकींत बांधायच्या, नाहीतर घटकाभरात जोड फुटतो. कुकर आला तर झाकण त्याचंच आहे का, ते बसवून बघायचं. शिट्टी बहुधा नसतेच. आणि न धुतलेल्या कपड्यांचं बोचकं हमखास येतं. पूर्वी बोहारीण दारात बसून साडी उजेडात धरायची, डाग दाखवून भांड्याचा आकार कमी करायची. तिच्या धाकाने बायका कपडे धुऊन, घडी घालून आणायच्या. फुकट द्यायचं म्हटलं की तो धाक जातो.

येतं एक आणि लागतं भलतंच. लग्नात एकदाच घातलेल्या शेरवान्या, जरीचे घागरे यांचा ढीग पडतो. त्यांना कुणी हात लावत नाही. मागणी असते पुरुषांच्या फुल शर्टांना, आणि ते शोधतात बायका. दिवाळीच्या सुमाराला कारखाने सुरू होतात, ऊसतोडीच्या टोळ्या येतात. उसाचा पाला हात कापतो, म्हणून साडीवर शर्ट लागतो, तोही जाड, सुती, मनगटापर्यंतचा. नऊवारीही पुष्कळ म्हाताऱ्या मागतात, पण देणाऱ्यांच्या घरांतून ती केव्हाच गेली आहे. विरलेल्या सुती साड्या मात्र टाकायच्या नाहीत. वाकळेसाठी त्या मऊच हव्या असतात.

घेणाऱ्या बायका काही कमी चिकित्सक नसतात. शर्ट अंगाला लावतात, बाही ओढून बघतात, बटणं मोजतात. दोन कमी निघाली की, ‘‘दुसरा दाखवा की वो,’’ म्हणून सरळ परत ठेवतात. सुई-दोरा आणि बटणांचा डबा टेबलावर आला तो त्यांच्यामुळेच.